खेळ मध्येच थांबतो

गावभाग, सांगली
२ फेब्रुवारी १९९७

प्रिय मामा,

आधी तक्रार, मग खुशाली. दिवाळीला तू दिलेला, हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम बिघडला. मी पाडलेला नाही, अन्यानेही पाडलेला नाही, देवाशपथ. खेळता खेळता तो मध्येच थांबतो. थोड्या वेळाने आपोआप सुरू होतो आणि बघते तर पडणाऱ्या विटा वरपर्यंत रचलेल्या, खेळ संपला! उड्या मारणाऱ्या माणसाच्या कॅसेटमध्येही तसंच. माणूस खड्ड्याच्या अलीकडे असतो, गेम थांबतो, सुरू होतो तेव्हा माणूस खड्ड्यात.

बाबांनी स्वतः दहा मिनिटं खेळून बघितलं, तर एकदाही थांबला नाही. बाबा म्हणाले, "आउट झालं की बॅटला दोष. पुन्हा खोटं बोललीस तर गेम कपाटात." शाळेत ते गणित शिकवतात ना, त्यामुळे त्यांना सगळ्याचा पुरावा लागतो. अन्या म्हणतो, गेम थांबतच नाही, ताई थांबते. तो पाच वर्षांचा आहे, त्याला काय कळतंय? त्याची पाळी लवकर यावी म्हणून बोलतो.

मामा, तू म्हणाला होतास की हे मशीन भंगारातून आणून तू जिवंत केलंस. मग आता परत जिवंत कर. मी खोटं बोलत नाही.

तुझी सई

ता. क. उत्तर कार्डावर पाठवू नकोस. आमचे पोस्टमन अर्जुनाकाका कार्ड आधी शेजारच्या लालासाहेबांच्या ओट्यावर मोठ्याने वाचतात, मग आम्हाला देतात. मागच्या वेळी तुझ्या मूळव्याधीची बातमी सगळ्या गल्लीला कळली.

*

शनिवार पेठ, सातारा
८ फेब्रुवारी

चि. सईबाई, सांगलीच्या मुख्य इंजिनिअर,

तुझी तक्रार दुकानात नोंदवून घेतली. मूळव्याध बरी आहे, हेही गल्लीत कळव.

आता नीट वाच. पहिली गोष्ट, कॅसेटमध्ये फुंकर मारत असशील तर आजपासून बंद. सगळी पोरं मारतात आणि सगळ्यांना वाटतं त्यानेच चालू होतो. तोंडाची वाफ आत जाते आणि आतल्या तांब्याच्या पट्ट्या काळ्या पडतात. त्या पट्ट्यांवरून स्वच्छ खोडरबर हलक्या हाताने फिरव. मग काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटमध्ये बुडव, पिळून घे आणि पट्ट्या पूस. पुरती सुकल्याशिवाय कॅसेट आत घालायची नाही. मशीन चालू असताना कॅसेट काढायची नाही.

दुसरं, सेल. चारही पेन्सिल सेल नवे, एकाच पाकिटातले. दोन नवे आणि दोन घड्याळातले जुने असली काटकसर तुझी आई करते, मला माहीत आहे. डावीकडचा लाल दिवा मंद झाला तर समज की सेल गेले.

एवढं करून थांबलाच, तर वही घाल. तारीख, वेळ, कुठली कॅसेट, दिवा कसा होता, सगळं लिही. आजाराचं लक्षण कळल्याशिवाय मी स्क्रू खोलत नाही. मशीन खोटं बोलत नाही आणि माझी भाचीही बोलत नाही, असं बाबांना सांग.

अन्याला एक पापा.

मामा

*

सांगली, २३ फेब्रुवारी

प्रिय मामा,

सगळं केलं. खोडरबर नवा घेतला. स्पिरिट लावताना आई शेजारी बसली होती. सेल चारही नवे. दिवा लालभडक. तरी थांबतो!

वहीत लिहिलं आहे. सोमवारी विटांच्या कॅसेटवर दोनदा, मंगळवारी माणसाच्या कॅसेटवर तीनदा, बुधवारी मिनूकडून आणलेल्या मोटारीच्या कॅसेटवर पण. म्हणजे कॅसेटचा दोष नाही. नवे सेल असताना आणि जुने असताना सारखाच. शुक्रवारी वही अन्याकडे दिली, कारण मला खेळताना लिहिता येत नाही. त्याला लिहिता येत नाही, म्हणून रेघ मारायला सांगितली. मी पाच म्हणत होते, त्याच्या रेघा नऊ. मी भांडले, तर तो म्हणतो, "जेवताना पण दोनदा थांबलीस, ते पण धरलं." वेडा आहे.

शाळेतपण माझं नशीब फुटकं आहे. शुद्धलेखन घालताना बाई मधली ओळ गाळतात. मी तसं म्हणाले, तर "सई, लक्ष कुठे होतं?" म्हणून मला बाकावर उभं केलं. बाबांना चिठ्ठी आली. बाबा म्हणाले, सगळं त्या गेममुळे. आठवड्याची मुदत दिली आहे. मग मशीन कपाटात.

लवकर उपाय सांग.

सई

*

सातारा, २ मार्च

चि. सई,

वही पास. अनीशरावांना आमच्या दुकानात हेल्पर म्हणून नेमावं म्हणतो. बिघाड मोजायला सांगितला तर मालकिणीलाच बिघडलेली ठरवतो, असा माणूस धंद्यात टिकत नाही, पण हसवतो छान. दुकानात आलेल्या दोघांना मी ते वाचून दाखवलं.

आता चेष्टा पुरे. तिन्ही कॅसेटवर थांबतं, म्हणजे दोष मशीनच्या पोटात आहे. सोल्डरचा एखादा टाका सुटला असेल. हाताच्या उबेने गरम झालं की प्लॅस्टिक फुगतं, टाका उचलतो, गार झालं की बसतो. जुन्या मशीनचं हे ठरलेलं दुखणं. बाबांच्या हातात दहा मिनिटांत तेवढं तापलं नसेल. मशीन कपाटात जाण्याऐवजी माझ्याकडे पाठव.

एक मात्र बघून कळव. थांबतो तेव्हा आवाजाचं काय होतं? मशीन खरंच अडकलं की एकच सूर लांबत राहतो, हॉर्न अडकल्यासारखा. तसं होतं का?

मामा

*

सांगली, १६ मार्च

ती. दादास सुहासचा नमस्कार,

यांच्या शाळेतले एक सर साताऱ्याला निघालेत, त्यांच्याबरोबर मशीन पाठवते आहे. घरात त्यावरून रोज कटकट. दादा, तू हौसेने दिलंस, पण सईचं चित्त थाऱ्यावर राहिलेलं नाही. हाक मारली तर दोन-दोनदा ऐकत नाही. परवा दुधाचं पातेलं हातात घेऊन तशीच उभी. मी ओरडले, तर "काय झालं?" विचारते. हे म्हणतात, वयात यायला लागल्या की मुली अशाच. मी दृष्ट काढली, शनिवारी मारुतीला तेल घातलं. परीक्षेनंतर दोघांनाही नदीवर पोहायला घालणार आहे. कोंडीबा म्हणून घाटावर शिकवतात, गल्लीतली निम्मी पोरं त्यांनीच तयार केली. मोकळी हवा लागली की सुधारेल.

सईला खाली दोन ओळी लिहायच्या आहेत.

सुहास

मामा, आवाज थांबत नाही असं अन्या म्हणतो. गाणं पूर्ण वाजतं म्हणे. मला त्या वेळी ऐकूच येत नाही. हा कुठला बिघाड? सई.

*

सातारा, ९ एप्रिल

चि. सुहास,

मशीन मिळून तीन आठवडे झाले. उत्तराला उशीर केला, कारण काय लिहावं ते सुचत नव्हतं.

मी ते खोललं, सगळे टाके भिंगातून बघितले. दिव्याखाली तापवलं, फडक्यात बर्फ गुंडाळून गार केलं. रोज संध्याकाळी दुकानात तासभर मी स्वतः खेळलो. एकदाही थांबलं नाही. मग तुझ्या मुलीची पत्रं पुन्हा काढून वाचली आणि मला माझीच लाज वाटली. पहिल्याच पत्रात तिने लिहिलं होतं, विटा वरपर्यंत रचलेल्या असतात. सुहास, मशीन थांबलं तर विटाही थांबतात. त्या रचल्या जातात, म्हणजे मशीन चालूच असतं. पंचवीस वर्षं हा धंदा करून मला हे पाच वर्षांच्या पोराकडून शिकावं लागलं.

तुला मेढ्याची तानुमावशी आठवते का? आपल्या लहानपणची, आजारी पडायच्या आधीची. भाकरी थापता थापता मध्येच थांबायची, डोळे उघडे, हात परातीत तसेच. आई म्हणायची, तिचं लक्ष नसतं. पुढचं तुला ठाऊक आहे, ते कागदावर लिहीत नाही.

सईला कुणातरी चांगल्या डॉक्टरला दाखवून घे. मिरजेला सोय आहे. घाईचं असं नाही, पण टाळूही नकोस. आणि नदीवर सध्या पाठवू नकोस. ऊन फार आहे.

हे कार्डावर लिहिलं नाही आणि लालासाहेबांकडे फोनही केला नाही, ते का, ते तू समजशील. पोरीची जात आहे. बाकी मे महिन्यात येईन तेव्हा समक्ष बोलू.

नारायण

*

सांगली, २१ एप्रिल

ती. दादास,

तुझं पत्र मिळालं. तानुमावशी आठवते की! तिच्यासारखी नाचणीची भाकरी पुन्हा कुणी केली नाही.

तू म्हणालास तसं सईला दाखवलं. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं. चष्मा लागला, अगदी पाव नंबर. फळ्यावरचं दिसत नसणार, म्हणून लक्ष लागत नव्हतं, एवढंच. निळ्या काड्यांची फ्रेम तिने स्वतः निवडली, दिवसभर आरशापुढे आहे. मनावरचं ओझं उतरलं.

उन्हाचं तुझं बरोबर. म्हणून दोघांना सकाळी सहालाच नदीवर पाठवते, साडेसातला घरात. सई पट्टीची निघाली, तरंगायला पाठीवर बांधतात तो डबा केव्हाच सुटला. अन्याचाही काल सोडला. कोंडीबा मला म्हणाले, "आवं वैनी, पोर लय धीट हाय. डब्याची गरज न्हाई आता. कमरंला दोरी बांधू, ताई धरंल काठावरनं." सईला त्याचा केवढा अभिमान! पायरीवर उभी राहून दोरी धरते आणि भावाला हुकूम सोडते.

तू ये. आंबे उतरलेत.

सुहास

*

सातारा, २८ एप्रिल

चि. सुहास,

चष्मा लागला हे वाचून बरं वाटलं. तेवढंच असेल तर देव पावला.

तरी मिरजेचं मनात ठेव. आणि दोरी सईऐवजी कुणी मोठं माणूस धरेल तर बरं, ती अजून लहान आहे. मी १५ मेच्या एस.टी.ने निघतो. मशीन घेऊन येतो. अन्याला सांग, हेल्परचा पहिला पगार म्हणून कंदी पेढे आणतोय.

नारायण

*

सांगली, २३ मे

मामा,

हे पत्र मी मिनूच्या घरी बसून लिहिते आहे. आईला सांगू नकोस.

तू १५ तारखेला येणार होतास, आणि ६ तारखेलाच आलास. चार दिवस होतास, पण माझ्याशी बोलला नाहीस. एकदाच डोक्यावर हात ठेवलास आणि उठून बाहेर गेलास. तू पण माझ्यावर रागावला असशील तर बरोबर आहे. सगळेच रागावलेत. बाबा अजून बोलत नाहीत. पहिल्या दिवशी फक्त एकदा विचारलं, "लक्ष कुठे होतं?"

मी रोज आठवायचा प्रयत्न करते. मी तिसऱ्या पायरीवर होते. दोरी दोन्ही हातांनी धरली होती. चष्मा घातला होता. कोंडीबाकाका पलीकडे एका मुलाचा डबा बांधत होते. अन्या पाय मारत होता आणि ओरडत होता, "ताई बघ, ताई बघ!" मी बघत होते, मामा. मग थांबलं. सुरू झालं तेव्हा हातात दोरी नव्हती आणि सगळे पाण्याकडे पळत होते. कोंडीबाकाका सगळ्यांना सांगतात, "मी लय हाका मारल्या. पोरगी उभी व्हती नुसती, वळून बघितलं न्हाई तिनं." मला एकसुद्धा हाक ऐकू आली नाही.

पण गेम तर तुझ्याकडे होता. मग थांबलं काय?

आदल्या दिवशी आमचं भांडण झालं होतं. त्याने माझा चष्मा घेतला होता आणि मी त्याला म्हणाले होते, जा मर. मामा, मला आठवत नाही, म्हणून विचारते. मी दोरी मुद्दाम सोडली असेल का?

सई

*

सातारा, ३० मे

सुहास,

पोरीचं पत्र आलं. काय लिहिलं आहे ते तुला सांगतो, कारण आता कुणी कुणापासून काही लपवायचं नाही. तिला वाटतं, तिने भावाला मुद्दाम सोडलं.

मी त्या चार दिवसांत बोलणार होतो. सतत माणसं येत होती, तुझे विद्याधरराव भिंतीकडे तोंड करून बसले होते, आणि माझी जीभ उचलली नाही. एप्रिलातही उचलली नव्हती. मी 'ऊन' लिहिलं. तू उन्हावर उपाय केलास, सकाळी सहाचा. मी खरं कारण लिहिलं असतं, तर तू त्यावर उपाय केला असतास. अन्या माझ्या भिडेपायी गेला, हे मी मरेपर्यंत विसरणार नाही.

आता लिहितो. सईला आकडी येते. पडत नाही, फेस येत नाही, पण ती आकडीच. मी इथल्या डॉक्टरांना नाव न सांगता सगळं विचारलं. ते म्हणाले, लहान मुलांत असं होतं, पाच-दहा सेकंद, दिवसातून कितीही वेळा, आणि मुलाला स्वतःला पत्ता नसतो. गोळ्या आहेत. बहुतेकांचं थांबतं. तानुमावशीच्या काळासारखं राहिलेलं नाही.

हे पत्र विद्याधररावांना दाखव. आणि आधी सईला सांग. आजच सांग.

नारायण

*

सांगली, ६ जून

दादा,

पत्र चुलीत घातलं. यांना दाखवलेलं नाही.

तू स्वतःला दोष देऊ नकोस. मला तुझं एप्रिलचं पत्र तेव्हाच कळलं होतं. तानुमावशीचं नाव वाचलं आणि पत्र घडी करून ठेवून दिलं. तू शब्द लिहिला नव्हतास, म्हणून मला तो न वाचल्यासारखं करता आलं. डोळ्यांच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं, बाई, नजर उत्तम आहे, हिला मेंदूच्या डॉक्टरांकडे न्या. मीच म्हणाले, तरी चष्मा द्या. साध्या काचा आहेत त्या. पाव नंबरही नाही. माझा मुलगा मी घालवला आहे आणि हे मी तुझ्याशिवाय कुणालाही सांगणार नाही.

पण आता माझं ऐक. एक गेला. जी राहिली तिला जगायचं आहे. तानुमावशीमुळे आईच्या दोन चुलत बहिणींची जमलेली लग्नं मोडली, मला बघायला आलेल्यांनीही मेढ्याला चौकशी केली होती. सासूबाई उद्या म्हणतील, तुमच्या रक्तातलं आमच्या घरात आणलंत. पोरीचं लक्ष नव्हतं, असं लोक चार वर्षं म्हणतील आणि विसरतील. आकडीचं कुणी विसरत नाही. गोळ्यांचं मी बघेन, गुपचूप, कुणाला न कळता. थोडं शांत होऊ दे.

सईला काही सांगू नकोस. ती लहान आहे, विसरेल. तुला माझी शपथ आहे.

सुहास

*

पोस्टकार्ड
सातारा, १० जून १९९७

चि. सई,

तुझ्या दोन्ही प्रश्नांची उत्तरं देतो. मशीन चांगलं आहे, कधीच बिघडलेलं नव्हतं. थांबत होतीस ती तू. तुला आकडी येते. तिच्यात माणूस उभ्या उभ्या काही सेकंद बंद होतो, त्याला दिसत नाही, ऐकू येत नाही, हातात काय आहे ते कळत नाही. त्या सकाळी तेच झालं. तू दोरी सोडली नाहीस. ती तुझ्या हातातून गेली तेव्हा तू तिथे नव्हतीस. भांडणाचा काही संबंध नाही. बहीण भावाला जा मर म्हणते, मीही तुझ्या आईला शंभरदा म्हणालो आहे.

हे आम्हा मोठ्यांना एप्रिलपासून ठाऊक होतं. आम्ही तुला सांगितलं नाही. दोष आमचा आहे, सगळा. अन्याने तर पहिल्याच दिवशी ओळखलं होतं, मी हसलो.

सोमवारी मी येतो. मिरजेच्या डॉक्टरांची वेळ घेतली आहे. बाबा आले तर त्यांना घेऊन जाऊ, नाही आले तर आपण दोघं. सुहास, तुझी शपथ मोडली. मला माफ करू नकोस.

मामा

ता. क. अर्जुनाकाका, हे कार्ड नेहमीसारखं लालासाहेबांच्या ओट्यावर उभं राहून मोठ्याने वाचा. शेवटपर्यंत वाचा. मग पोरीच्या हातात द्या.